रकाना पहिला : काय हरवले?

खिडकी नंबर चारच्या मागे बसणारा माणूस मीच, हे आधीच सांगून टाकतो. ही हकिकत बाईंची आहे. पण तिच्यात मी जिथे जिथे येतो तिथे मला चांगलं म्हणायची सोय नाही, आणि वाचणाऱ्याला ते शेवटी कळण्यापेक्षा सुरुवातीलाच कळलेलं बरं.

आमच्या कचेरीत हरवल्या-सापडल्याची नोंद होते. छत्र्या, पिशव्या, चाव्यांचे जुडगे, चष्मे, ओळखपत्रं, आणि माणसं. सगळ्यांना एकच पिवळा फॉर्म. पहिला रकाना : काय हरवले? दुसरा : कोठे? तिसरा : केव्हा? चौथा : रंग, आकार व स्थिती. माणूस हरवला असेल तर पहिल्या रकान्यात 'मुलगी' किंवा 'वडील' असं लिहायचं आणि चौथ्यात 'सावळे, मध्यम, आजारी'. बावीस वर्षांत हजारो लोकांनी मला हे असंच लिहून दिलं. ज्याच्या घरातलं माणूस गेलेलं असतं तो रकान्याची भाषा तपासत बसत नाही. तपासली ती एकट्या बाईंनी.

बाई मला सातवीत व्याकरण शिकवायच्या. उंचीने बेताच्या, पण आवाज शेजारच्या दोन वर्गांना पुरायचा. नाकावर माशी बसू द्यायच्या नाहीत. पोरांनी त्यांचं नाव कोणबाई ठेवलं होतं. वर्गाच्या दारावर टकटक झाली की त्या फळ्याकडून मान न वळवता 'कोण?' असं विचारायच्या, आणि बाहेरून 'मी' असं आलं की म्हणायच्या, मी हे उत्तर नाही, मी हे सर्वनाम आहे, ते परत घेऊन जा आणि नाव घेऊन ये. उशिरा येणाऱ्याची अशी वरात निघाली की वर्ग खूश असायचा.

प्रश्नार्थक सर्वनामं दोनच, असं त्या बजावून सांगायच्या. कोण आणि काय. कुठे, केव्हा, कसं ही मंडळीही प्रश्न विचारतात, पण नामाच्या खुर्चीवर बसायची त्यांची ऐपत नाही. माणसाला कोण, वस्तूला काय. यात गल्लत करणाऱ्याला मी 'कोण' म्हणणार नाही, 'काय' म्हणेन, अशी धमकी असायची, आणि ती खरी करायच्या. मग विभक्ती. 'काय'ला प्रत्यय लागला की ते ओळखू येत नाही, बघा : कशाला, कशाने, कशात. 'कोण' मात्र कुठल्याही प्रत्ययापुढे कोणच राहतं : कोणाला, कोणाचा, कोणात. हे सांगताना त्यांना उगाचच आनंद व्हायचा. आम्हाला त्यात आनंद होण्यासारखं काय आहे ते कळायचं नाही.

तिसरी गोष्ट त्या शेवटी सांगायच्या, तास संपायला पाच मिनिटं असताना. हीच दोन सर्वनामं प्रश्न न विचारता वापरली तर ती प्रश्नार्थक राहत नाहीत. 'कोणाचं तरी पुस्तक वर्गात राहिलं' यात प्रश्न नाही. मग ते अनिश्चित सर्वनाम. प्रश्नचिन्ह गेलं की तोच शब्द अनिश्चित होतो, म्हणून विचारायला लाजू नका, असं म्हणून त्या खडू खाली ठेवायच्या.

मी लाजलो नाही. मी अडखळत बोलायचो म्हणून बाई मला 'स्वल्पविराम' म्हणायच्या, आणि सगळा वर्ग तेच म्हणायचा. त्या दिवशी त्यांना कात्रीत पकडायचं ठरवून मी उभा राहिलो आणि विचारलं, बाई, माणसाला कोण ना, मग मूल झालं की लोक 'काय झालं' असं का विचारतात? वर्ग हसला. बाई हसल्या नाहीत. बराच वेळ त्या टेबलाच्या कडेवर हात ठेवून उभ्या होत्या. मग म्हणाल्या, कारण ते अजून कोण झालेलं नसतं. एवढं बोलून त्या वर्गाबाहेर गेल्या आणि त्या दिवशी परत आल्या नाहीत. दुसऱ्या दिवसापासून आठवडाभर मला मुख्याध्यापकांच्या हुकमाने व्हरांड्यात उभं राहावं लागलं. काय चुकलं ते कोणी सांगितलं नाही. व्हरांड्यात उभं राहून माणूस व्याकरण विसरतो, पण डूख विसरत नाही.

पुढे मी शिकलो तेवढा शिकलो, कचेरीत चिकटलो, खिडकीमागे टक्कल पडलं. बाई निवृत्त झाल्या. त्यांचे मिस्टर बाइंडर होते. बाजारामागच्या गल्लीत एक खोली, त्यात कागद दाबायचं यंत्र, खळीचा डबा, कापडाचे तागे. गावातल्या निम्म्या कचेऱ्यांची रजिस्टरं त्यांनी शिवलेली. कागदाची घडी ते अंगठ्याच्या नखाने दाबायचे, आयुष्यभर, त्यामुळे उजव्या नखाला मधोमध एक खाच पडली होती. बोलायचे अगदी कमी. घरातलं बोलण्याचं खातं बाईंकडे होतं.

मग त्यांना विसरण्याचा आजार झाला. हे सगळं मला बाईंनीच सांगितलं, नंतर, आमच्या कचेरीच्या बाकावर बसून. आधी खळीला काय म्हणतात ते गेलं. मग गल्ली गेली. दुकान बंद केलं तरी ते घरात बसून घड्या घालत राहिले : वर्तमानपत्राच्या, चादरीच्या, बाईंच्या पदराच्या. मग एका सकाळी बाई खोलीत शिरल्या तर त्यांनी विचारलं, कोण तू? बाई म्हणाल्या, मी तुमची बायको. त्यांनी मान हलवली आणि पुन्हा घडी घालायला लागले. बाई मला म्हणाल्या की त्यांना त्या दिवशी फार वाईट वाटलं नाही. ओळख गेली होती, पण प्रश्न शुद्ध होता.

वाईट वाटलं ते आणखी काही महिन्यांनी. बाई आत आल्या आणि त्यांनी विचारलं, तू काय?

बाईंना राहवलं नाही. त्यांनी वर्गात म्हणावं तसं म्हटलं, काय नाही, कोण. ते आज्ञाधारकपणे म्हणाले, कोण. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच, तिसऱ्या दिवशी पुन्हा तेच. बाई कधी हळू सांगायच्या, कधी ओरडून. एकदा तर त्यांच्या हातातली चादर हिसकावून घेऊन त्यांनी दहा वेळा घोकून घेतलं. बायको विसरा, दुकान विसरा, हे एवढं तरी विसरू नका, असं काहीतरी त्यांच्या मनात होतं. आजारी माणसाशी मी अशी वागले रे, असं त्या बाकावर बसून म्हणाल्या. मी समोरच्या भिंतीकडे बघत होतो.

तर तो सोमवार. बाई मागच्या मोरीत कपडे धूत होत्या, नळ चालू होता, त्यामुळे कडी काढल्याचा आवाज आला नाही. त्या बाहेर आल्या तेव्हा दार उघडं होतं आणि खुर्चीवर घडी घातलेली चादर होती. दोन तास त्या गल्ल्यांतून फिरल्या आणि अकराच्या सुमाराला माझ्या खिडकीशी आल्या. इतक्या वर्षांनी मी त्यांना लगेच ओळखलं. त्यांनी मला ओळखलं नाही. मला ते लागलं, हे कबूल करतो.

मी फॉर्म दिला. त्यांनी चष्मा लावला, पहिला रकाना वाचला, आणि 'काय' या शब्दावर सरळ रेघ मारून वर 'कोण' असं लिहिलं. वळणदार, फळ्यावरच्यासारखं. पुढे सगळं नेटकं भरलं. ओळखीची खूण : उजव्या अंगठ्याच्या नखाला खाच.

आमचं काम असं चालतं. फॉर्म स्वीकारला की त्याच्या नकला निघतात, आणि चार वाजता थैल्या जातात : इस्पितळांना, बस डेपोंना, निवाऱ्यांना. ज्यांच्याकडे बिननावाचं माणूस आलेलं असतं ते ताडून बघतात. फॉर्म स्वीकारला नाही, तर तो 'त्रुटी' लिहिलेल्या ट्रेमध्ये पडतो आणि कोणालाच काही कळत नाही.

"खाडाखोड केलेला फॉर्म चालत नाही," मी म्हणालो. "दुसरा घ्या."

"खाडाखोड नाही, दुरुस्ती आहे."

"नियमात दोन्ही एकच."

त्यांनी दुसरा घेतला. पुन्हा 'काय'वर रेघ मारली. तिसरा घेतला, पुन्हा तेच. मागे रांग वाढत होती, छत्री हरवलेला एक गृहस्थ पाय आपटत होता. मी म्हणालो, बाई, छापील शब्दाला हात लावू नका, खाली नुसतं 'नवरा' लिहा, मी आत्ता घेतो. 'बाई' या हाकेने त्यांनी वर बघितलं. माझ्या तोंडावर त्यांना काहीतरी दिसलं असावं.

"तू स्वल्पविराम ना? मग तुला तरी कळायला हवं. ते काही वस्तू आहेत का?"

रांगेसमोर, शिपायासमोर, पंचेचाळिसाव्या वर्षी स्वल्पविराम. मी तिसरा फॉर्म उचलला आणि त्रुटीच्या ट्रेमध्ये टाकला. नियम होता, खोटं नाही. पण रडून शाई पसरलेले, उलटे भरलेले, अर्धवट टाकलेले फॉर्म मी कितीतरी वेळा घेतले आहेत. खाली आडवी सही केली की चालतं. बाईंच्या फॉर्मवर ती सही करायला मला अर्धं मिनिटही लागलं नसतं. मी केली नाही, आणि न करताना मला बरं वाटलं. पुढचा, असं मी मोठ्याने म्हणालो. चार वाजता थैल्या गेल्या.

मंगळवारी त्या दुपारी उशिरा आल्या. चपलेचा पट्टा तुटला होता, तो दोऱ्याने बांधला होता. त्या डेपोत जाऊन आल्या होत्या, बाजारात, बागेत, बंद दुकानाच्या दाराशीही बसून आल्या होत्या, म्हणजे ते चुकून तिथे आले तर सापडतील. खिडकीशी न येता त्या बाकावर बसल्या. मीच उठून बाहेर गेलो आणि शेजारी बसलो. तेव्हा त्यांनी ते घडीचं, खळीचं, 'तू काय'चं सगळं सांगितलं.

मी म्हणालो, बाई, एका शब्दाचा प्रश्न आहे. द्या ना लिहून.

 त्या हळू आवाजात म्हणाल्या, "मला मुलगी झाली होती. चार तास होती. नाव ठेवायलाही सवड मिळाली नाही. इस्पितळाच्या चिठ्ठीवर रकाना होता, काय झाले. त्याच्यापुढे मुलगी लिहिलेलं, आणि त्याच्याखाली मृत. एवढंच. ती तिथेच राहिली, 'काय'मध्ये. ह्यांना मी तिथे घालणार नाही."

मला व्हरांडा आठवला. तीस-बत्तीस वर्षं मी जो राग जपून ठेवला होता तो कशावर होता, ते त्या बाकावर मला कळलं. मी सातवीतला पोरगा होतो, मला ठाऊक नव्हतं, हे सगळं खरं. पण सोमवारी मी सातवीतला नव्हतो.

मी आत धावलो, ट्रेमधून फॉर्म काढला, आडवी सही केली. घड्याळात चार वाजून दहा मिनिटं झाली होती. थैल्या गेल्या होत्या. फोन करता आला असता. तेव्हा सुचलं नाही. बावीस वर्षं थैलीची सवय लागली की फोन ही वस्तू समोर असून दिसत नाही. बाहेर येऊन मी सांगितलं की उद्या सकाळी पहिला तुमचाच. बाईंनी मान हलवली. त्यांनी ऐकलं की नाही कोण जाणे.

बुधवारी मी कचेरी उघडायच्या आधी पोचलो, तर त्या दारात उभ्या होत्या. हातात नवा, बिनखाडाखोडीचा फॉर्म होता, आदल्या दिवशी नेलेला, घरी भरलेला. 'काय हरवले?' आणि त्याच्यापुढे 'नवरा'. अक्षर तेच, पण पेन इतकं दाबून चालवलं होतं की मागच्या बाजूला हाताला लागत होतं. मी म्हणालो, बाई, कालचाच घेतलाय मी, सही केली आहे. त्या म्हणाल्या, असू दे, हा घे, यात त्रुटी नाही.

मी थैलीची वाट बघितली नाही. फोन उचलला आणि एकेक इस्पितळ घेत गेलो. नखाला खाच, एवढंच विचारत होतो. तिसऱ्या ठिकाणी पलीकडचा माणूस थांबला, कागद चाळले, आणि म्हणाला, आहे. म्हणजे होता. सकाळी सातला गेला.

मी बाईंबरोबर गेलो. तळमजल्याला एक लांब बोळ, शेवटी लोखंडी दार, दाराशी टेबल. टेबलामागचा माणूस जेवणाचा डबा बंद करत होता. त्याने हात पुसले, रजिस्टर उघडलं, आणि बाईंना अगदी नेहमीच्या आवाजात विचारलं, "हे तुमचे कोण?"

बाईंनी त्याच्याकडे असं बघितलं की तो गोंधळला. दोन दिवस त्या हा एक शब्द मागत फिरत होत्या. रोज दहा जणांना हा प्रश्न विचारणाऱ्या त्या माणसाला आपण काय दिलं ते कळणं शक्यच नव्हतं.

"नवरा," बाई म्हणाल्या.

त्या आत गेल्या आणि बाहेर आल्या. रडल्या नाहीत. वॉर्डातली मावशी सामानाची पिशवी घेऊन आली होती. पिशवीत चपला, एक रुमाल, आणि खाटेवरची पाटी, कारण पाटी कोणाकडे जमा करायची ते तिला ठाऊक नव्हतं. पाटीवर खडूने लिहिलेलं होतं. नाव : कोण.

मावशी ओशाळून सांगू लागली. डेपोपाशी पडले होते, डोक्याला मार होता, पण शुद्ध होती. दाखल करणाऱ्याने विचारलं, तुमचं नाव काय? तर म्हणाले, काय नाही, कोण. पुन्हा विचारलं तर पुन्हा तेच. डॉक्टरांनी विचारलं, काय होतंय? काय नाही, कोण. दुसरा शब्द नाही. चादरीच्या घड्या घालायचे आणि कोणी 'काय' म्हटलं की चूक सुधारायचे. वॉर्डाला चाळाच लागला. येताजाता लोक मुद्दाम विचारायचे, काय आजोबा? मग लिहिणाऱ्याने कंटाळून नावाच्या जागी तेच लिहिलं. काल संध्याकाळपर्यंत चालू होतं, मावशी म्हणाली, मग आवाज बसला. आम्हाला काय माहीत, म्हणाली, आम्हाला वाटलं भ्रम आहे.

बाईंनी पाटी हातात घेतली. पदराने पुसतील असं मला वाटलं. त्यांनी पुसली नाही. मग टेबलावरचा केसपेपर वाचला, ओळीखाली बोट धरून, जशा आमच्या वह्या वाचायच्या. दाखल : सोमवार, दुपारी दोन वाजून दहा मिनिटे. बोट तिथे थांबलं. सोमवारच्या चारच्या थैलीत त्यांचा फॉर्म असता तर पाचच्या आत त्या खाटेपाशी असत्या. ती वेळ मी त्यांच्या खांद्यावरून वाचली होती, आणि मी वाचली हे त्यांनाही कळलं होतं. ते जगले असते असं कोणी म्हणालं नाही. पण दीड दिवस होता. दीड दिवस ते बाईंनी शिकवलेलं वाक्य अनोळखी लोकांना म्हणून दाखवत होते.

फॉर्म बदलावा म्हणून मी पुढे वर अर्ज केला. आधीचा साठा संपल्यावर विचार करू, असं उत्तर आलं. कपाटात अजून बरेच गठ्ठे आहेत. आता 'काय'वर मीच रेघ मारतो आणि खाली आडवी सही करतो. त्याने कोणाचं काही परत येत नाही.

त्या दिवशी बोळातल्या बाकावर आम्ही दोघं बसलो होतो. पाटी बाईंच्या मांडीवर होती. आता त्या विचारणार, अशी माझी खात्री होती. आयुष्यभर ज्यांनी दारावरच्या टकटकीलाही प्रश्न विचारल्याशिवाय सोडलं नाही, त्या हे कसं सोडतील? मी उत्तर तयार ठेवलं होतं. 

बाईंनी पाटी पिशवीत ठेवली, पिशवीचे बंद बांधले, आणि समोर बघत म्हणाल्या,

"कोणाची तरी चूक झाली."

आवाज शेवटी वर गेला नाही. प्रश्नचिन्ह नव्हतं. अनिश्चित सर्वनाम, शेवटच्या पाच मिनिटांत शिकवायच्या ते. त्यांनी ते मला सोडवायला वापरलं की स्वतःला, हे मी अजून ठरवू शकलेलो नाही. त्या उठल्या आणि दोऱ्याने बांधलेल्या चपलेने हळूहळू बोळाच्या टोकाकडे चालायला लागल्या. मी बसून राहिलो. त्यांनी 'कोणाची' एवढंच विचारलं असतं, तर मी उत्तर दिलं असतं : माझी. आणि त्या म्हणाल्या असत्या की हे सर्वनाम आहे, नाव सांग, तर मी माझं पूर्ण नावही सांगितलं असतं.